पोथीपासून वस्तीपर्यंत : डेक्कन कॉलेजच्या भाषाविज्ञानाची वाटचाल

भाषेचा शास्त्रीय अभ्यास म्हटला की नागपूरच्या विद्यार्थ्यालाही पुण्याची वाट आठवते, आणि पुण्यात येरवड्याच्या डेक्कन कॉलेजची. या संस्थेचा इतिहास बहुधा पुरातत्त्वाच्या अंगाने सांगितला जातो. तिच्या भाषाविज्ञान विभागाची वाटचाल तितकीच मोलाची आहे, आणि तिच्यातील काही महत्त्वाचे टप्पे विदर्भाच्या मातीत पडले आहेत. एका टप्प्यावर तर लायडनच्या एका डच पंडिताचा आणि बुलढाणा जिल्ह्यातील निहाल वस्त्यांचा संबंध येतो.

संस्थेची मुळे पेशवाईच्या अस्तापर्यंत जातात. ६ ऑक्टोबर १८२१ रोजी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांच्या पुढाकाराने पुण्याच्या विश्रामबागवाड्यात 'हिंदू कॉलेज' सुरू झाले. पेशव्यांच्या काळापासून विद्वान ब्राह्मणांना वाटल्या जाणाऱ्या दक्षिणेच्या निधीतून त्याचा खर्च भागवला गेला. शास्त्रे, व्याकरण, न्याय असे पाठशाळेचेच विषय तेथे शिकवले जात. १८५१ मध्ये त्याचे 'पूना कॉलेज' झाले. पुढे सर जमशेटजी जीजीभाय यांच्या देणगीतून येरवड्याला नवी इमारत उभी राहिली. १८६४ मध्ये तिची पायाभरणी झाली आणि १८६८ मध्ये कॉलेज तेथे हलले. डेक्कन कॉलेज हे नाव तेव्हापासूनचे.

येरवड्याच्या त्या पहिल्या काळात फ्रान्झ कीलहॉर्न हे जर्मन पंडित तेथे संस्कृत शिकवत होते. १८६६ ते १८८१ अशी पंधरा वर्षे ते पुण्यात राहिले. युरोपात शिकून आलेल्या या प्राध्यापकाने अनंतशास्त्री पेंढारकर यांच्यासारख्या पुण्याच्या शास्त्र्यांसमोर बसून व्याकरण परंपरेने समजावून घेतले आणि त्यांचे ऋणही मोकळेपणाने मान्य केले. नागेशभट्टाच्या परिभाषेन्दुशेखराचे इंग्रजी भाषांतर आणि पतंजलीच्या महाभाष्याची तीन खंडांतील चिकित्सक आवृत्ती (१८८०–८५) ही त्या सहवासाची फळे. महाभाष्यात कात्यायनाची वार्तिके आणि पतंजलीचे विवेचन एकमेकांत इतके मिसळलेले आहे की कोणते वाक्य कोणाचे, हाच पहिला प्रश्न असतो. कीलहॉर्न यांनी वार्तिके ओळखून ती छपाईत वेगळी दाखवली. सव्वाशेहून अधिक वर्षे लोटली तरी महाभाष्याचा संदर्भ द्यायचा तर त्यांच्याच पृष्ठांचा आणि ओळींचा दिला जातो. त्यांच्यानंतर १८८२ पासून सुमारे अकरा वर्षे रामकृष्ण गोपाळ भांडारकर यांनी तेथे संस्कृत शिकवले. भारतीय भाषांच्या ऐतिहासिक अभ्यासाची आखणी करणारी 'विल्सन फिलॉलॉजिकल' व्याख्याने त्यांनी १८७७ मध्येच दिली होती.

एवढ्या पुण्याईची संस्था १९३४ मध्ये बंद पडली. सरकारने खर्च परवडत नसल्याचे कारण दिले. टिळक, आगरकर जेथे शिकले त्या वास्तूला कुलूप लागले. माजी विद्यार्थी मात्र स्वस्थ बसले नाहीत. जमशेटजींची देणगी शिक्षणासाठी होती, तेव्हा सरकारला असे हात झटकता येणार नाहीत, अशी भूमिका घेऊन ते न्यायालयात गेले. पाच वर्षे हे प्रकरण चालले. अखेर १७ ऑगस्ट १९३९ रोजी डेक्कन कॉलेज पुन्हा उघडले, पण जुन्या रूपात नाही. पदवीचे वर्ग गेले आणि पदव्युत्तर अध्ययन व संशोधन यांना वाहिलेली संस्था जन्माला आली. बंद पडले नसते तर ते कदाचित चांगल्या कॉलेजांपैकी एक कॉलेज म्हणूनच राहिले असते.

नव्या संस्थेत सुरुवातीला माणसे मोजकीच होती, पण निवड पाहण्यासारखी होती. पुरातत्त्वाला ह. धी. सांकलिया, समाजशास्त्र व मानवशास्त्राला इरावती कर्वे, मराठ्यांच्या इतिहासाला त्र्यं. शं. शेजवलकर, आणि भाषाशास्त्राला सुमित्र मंगेश कत्रे. पहिले संचालक इराच तारापोरवाला हेही भाषाशास्त्रीच होते. १९४२ मध्ये कत्रे संचालक झाले आणि १९७१ पर्यंत ती धुरा त्यांनी वाहिली. कत्रे यांची मातृभाषा कोंकणी. लंडनहून डॉक्टरेट घेऊन आलेले हे गृहस्थ प्राकृत, पाणिनी आणि कोंकणी या तिन्हींत सारख्याच सहजतेने वावरत. 'द फॉर्मेशन ऑफ कोंकणी' हा त्यांचा ग्रंथ १९४२ चा. त्याच काळात चि. रा. शंकरन यांनी संस्थेत ध्वनिविज्ञानाची प्रयोगशाळा उभारली आणि ध्वनीविषयी स्वतःचा एक गणिती धाटणीचा सिद्धान्त मांडला. तो फारसा कोणी पुढे नेला नाही. तरीही देशात उपकरणांच्या आधारे उच्चाराचा अभ्यास करण्याची सवय ज्या थोड्या ठिकाणी लागली, त्यांत ही प्रयोगशाळा होती आणि तिचे श्रेय शंकरन यांना द्यायलाच हवे.

१९४८ मध्ये कत्रे यांनी ऐतिहासिक तत्त्वांवरील संस्कृत महाकोशाचे काम हाती घेतले. वेदांपासून अठराव्या शतकापर्यंतच्या सुमारे दीड हजार ग्रंथांतून शब्द वेचून प्रत्येक शब्दाची चिठ्ठी करायची, तिच्यावर शब्द, ग्रंथातील नेमके स्थळ आणि वाक्य लिहायचे, मग साऱ्या चिठ्ठ्या कालक्रमाने लावून अर्थ कसा बदलत गेला ते दाखवायचे, अशी ही पद्धत. चिठ्ठ्यांची संख्या एक कोटीच्या घरात गेली. त्या लिहिणारे, तपासणारे, धातूच्या कपाटांत लावणारे बहुतेक हात निनावी राहिले. पहिला भाग छापून यायला १९७६ उजाडले. अ. मा. घाटगे त्याचे पहिले प्रमुख संपादक. तेव्हापासून पस्तीसच्या आसपास खंड निघाले, पण 'अ' हे अक्षर अजून पुरे झालेले नाही. या संथपणाबद्दल टीका होते, ती अगदीच गैरलागू नाही. मात्र अशा कामात घाई केली की पुढच्या पिढीला सगळे पुन्हा करावे लागते, हे कोशाच्या क्षेत्रातली माणसे जाणतात.

भाषाविज्ञानाला खरी नवी दिशा मिळाली ती पन्नासच्या दशकात. १९२८ मध्ये लाहोरला स्थापन झालेली लिंग्विस्टिक सोसायटी ऑफ इंडिया कोलकात्यामार्गे पुण्यात आली, आणि तिच्या 'इंडियन लिंग्विस्टिक्स' या नियतकालिकाचे बिऱ्हाडही डेक्कन कॉलेजात आले. रॉकफेलर फाउंडेशनच्या साहाय्याने कत्रे यांनी भाषाविज्ञानाच्या उन्हाळी आणि हिवाळी शाळा भरवायला सुरुवात केली. जॉन गंपर्झ, विल्यम ब्राइट, चार्ल्स फर्ग्युसन हे अमेरिकी अभ्यासक तेव्हा पुण्यात होते. या वर्गांतला सराव संस्कृत पाठशाळेच्या नेमका उलटा असे. समोर ज्या भाषेचा एक शब्दही माहीत नाही तिचा बोलणारा बसवायचा. 'डोके', 'पाणी', 'दोन माणसे', 'मी पाणी प्यालो' असे विचारत जायचे, ऐकलेला प्रत्येक ध्वनी लिपीत पकडायचा, आणि आठवडाभरात त्या भाषेच्या व्याकरणाचा कच्चा आराखडा मांडायचा. पोथीवर पोसलेल्या अनेक प्राध्यापकांना हे आरंभी जड गेले. पण देशात पुढे निघालेल्या भाषाविज्ञान विभागांना शिक्षक मिळाले ते मुख्यतः या शाळांतून.

याच नियतकालिकाच्या सतराव्या खंडात, १९५७ मध्ये, भारतीय मानवशास्त्र सर्वेक्षणाचे सुधीभूषण भट्टाचार्य यांनी 'नहाली' भाषेची टिपणे प्रसिद्ध केली. नहाली म्हणजे निहाली. बुलढाणा जिल्ह्यातील जळगाव-जामोद तालुक्यात सातपुड्याच्या पायथ्याशी आणि पलीकडे निमाडात ही भाषा बोलणाऱ्यांच्या वस्त्या आहेत. ग्रियर्सनच्या भारतीय भाषा-सर्वेक्षणात, १९०६ साली, तिचा नमुना येऊन गेला होता आणि कोरकूच्या कुळात तिची बोळवण झाली होती. भट्टाचार्यांची टिपणे लायडन विद्यापीठातील संस्कृतचे प्राध्यापक फ्रान्सिस्कस कायपर यांच्या हाती पडली. संस्कृतातील मुंडा आणि द्राविड शब्दांचा माग काढण्यात त्यांनी आयुष्य घातले होते. १९६२ मध्ये ॲम्स्टरडॅमहून निघालेल्या 'नहाली : अ कंपॅरेटिव्ह स्टडी' या छोटेखानी पुस्तकात त्यांनी एकेका शब्दाची झाडाझडती घेतली. कोरकूतून आलेले पुष्कळ, मराठी-हिंदीतून आलेले पुष्कळ, काही द्राविड. निहालीत दोनला 'इरार', तीनला 'मोथो' आणि चारला 'नालो' म्हणतात, ते उघडच द्राविडांचे नातलग. पण एवढे सगळे वजा केल्यावरही सुमारे चौथाई शब्द असे उरले की ज्यांचे गोत्र कोठल्याच ज्ञात भाषाकुळात लागत नाही. ही एखाद्या लुप्त भाषाकुळाची शेवटची शाखा की समाजाने परक्यांना कळू नये म्हणून घडवलेली गुप्त बोली, असा प्रश्न कायपर यांनी जगापुढे ठेवला. तो आजही पुरता सुटलेला नाही.

विदर्भातील भाषांचा अभ्यास त्याआधी झाला नव्हता असे नाही. नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी गोळा केलेली गोंडी गीते आणि शब्दसूची त्यांच्या अपघाती मृत्यूनंतर, १८६६ मध्ये, रिचर्ड टेंपल यांनी प्रसिद्ध केली. मरे एमेनो यांनी तीसच्या दशकाच्या अखेरीस वर्धा जिल्ह्यात बसून कोलामी टिपली आणि १९५५ मध्ये तिचे व्याकरण छापले. हे सारे अभ्यासक आले, टिपून घेऊन गेले. येथल्याच संस्थेने, येथल्याच माणसांनी, पिढ्यान्‌पिढ्या एखाद्या भाषेकडे पुन्हा पुन्हा जावे, हे डेक्कन कॉलेजमुळे शक्य झाले.

साठ आणि सत्तरच्या दशकांत विभागाने मराठीला वाहून घेतलेली माणसे दिली. पॅरिसला शिकलेले ना. गो. कालेलकर हे त्यांतले सर्वांत वाचनीय; त्यांच्या 'भाषा : इतिहास आणि भूगोल' या पुस्तकाला १९६७ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. घाटगे यांनी मराठीच्या बोलींची पाहणी हाती घेतली आणि कुडाळी, वारली, दक्षिण कानडातील कोंकणी अशी एकेका बोलीवर पुस्तके काढली. १९६२ मध्ये अशोक रा. केळकर विभागात आले ते कॉर्नेल विद्यापीठात मराठीच्या ध्वनिव्यवस्थेवर आणि रूपव्यवस्थेवर प्रबंध लिहून. १९८९ पर्यंत ते तेथे होते. सैद्धान्तिक भाषाविज्ञान मराठीत लिहिता येते हे त्यांनी 'वैखरी'सारख्या पुस्तकांतून दाखवून दिले. त्यांचे लेखन अवघड आहे अशी तक्रार असते. ती खरीही आहे, पण विचाराला पाणी घालून तो पातळ करणे त्यांना मंजूर नव्हते. मराठी अभ्यास परिषदेच्या 'भाषा आणि जीवन' या त्रैमासिकाचे ते संस्थापक-संपादक. २००२ मध्ये पद्मश्री आणि २०१० मध्ये 'रुजुवात'साठी साहित्य अकादमी पुरस्कार त्यांना मिळाला.

दरम्यान भाषाविज्ञानात चॉम्स्कीप्रणीत सिद्धान्तांचे वारे वाहू लागले होते, आणि जगभरच्या भाषा त्या सिद्धान्तांच्या कसोटीला लागत होत्या. डच भाषेत 'झिख' आणि 'झिखझेल्फ' अशी दोन आत्मवाचक सर्वनामे आहेत. अंग धुण्यासारख्या क्रियेला नुसते 'झिख' पुरते, तिरस्कार करण्यासारख्या क्रियेला 'झिखझेल्फ' लागते. उत्रेख्तच्या अभ्यासकांनी ऐंशी-नव्वदच्या दशकांत या जोडीवरून आत्मवाचकतेचा सिद्धान्त नव्याने मांडला. मराठीतही अशीच जोडी आहे. 'लीलाने स्वतःला आरशात पाहिले' येथे 'स्वतः' आपल्याच वाक्यातल्या कर्त्याकडे वळते. 'लीलाला वाटते, आपण हुशार आहोत' येथे 'आपण' मात्र उपवाक्याची हद्द ओलांडून लीलापर्यंत पोहोचते. काशी वाळी यांनी हे कोडे अमेरिकेत राहून मांडले आणि मराठी उदाहरणे सैद्धान्तिक चर्चेत मानाने नेऊन बसवली. डेक्कन कॉलेजचे रमेश वामन धोंगडे आणि वाळी यांनी मिळून लिहिलेले मराठीचे सविस्तर व्याकरण २००९ मध्ये प्रसिद्ध झाले, तेही ॲम्स्टरडॅमच्या जॉन बेंजामिन्स प्रकाशनाकडून.

डच अभ्यासकांचे पुण्याशी नाते याहून जुने आणि जवळचे आहे, आणि त्याचे श्रेय संस्थेबाहेरच्या मंडळींना द्यावे लागेल. पुणे विद्यापीठात १९६४ मध्ये निघालेल्या संस्कृत प्रगत अध्ययन केंद्रात शि. द. जोशी यांनी महाभाष्याचे इंग्रजी भाषांतर सुरू केले. १९६९ पासून त्यांच्या जोडीला जे. ए. एफ. रूडबर्गन हे डच पंडित आले आणि दोघांनी मिळून एकामागून एक आह्निके मूळ, भाषांतर आणि टीपांसह प्रसिद्ध केली. पुढे साहित्य अकादमीसाठी अष्टाध्यायीचे खंडही दोघांनीच सिद्ध केले. योहानेस ब्राँकहॉर्स्ट हेही डच. त्यांनी पुणे विद्यापीठातून १९७९ मध्ये डॉक्टरेट घेतली आणि लगेच पुढच्या वर्षी लायडनची. जानेवारी १९९२ मध्ये वैयाकरण भर्तृहरीवरची पहिली आंतरराष्ट्रीय परिषद पुण्यात भरली, तिचे निबंध सरोजा भाटे आणि ब्राँकहॉर्स्ट यांनी संपादित केले. कीलहॉर्न यांनी येरवड्याला आरंभलेल्या कामाचा धागा शहराच्या दुसऱ्या टोकाला असा पुढे गेला.

१९९० मध्ये डेक्कन कॉलेजला अभिमत विद्यापीठाचा दर्जा मिळाला. पदव्या स्वतःच्या झाल्या, अभ्यासक्रम स्वतःचा झाला. अनुदानाची ओढाताण आणि निवृत्तांच्या जागा वेळेवर न भरणे ही दुखणी मात्र देशातल्या इतर संशोधनसंस्थांप्रमाणे याही संस्थेच्या वाट्याला आली. तरी कामे थांबली नाहीत. गेल्या दशकात राज्य मराठी विकास संस्थेच्या सहकार्याने मराठीच्या बोलींचे नवे सर्वेक्षण झाले. सोनल कुलकर्णी-जोशी यांच्या नेतृत्वाखाली संशोधकांची पथके महाराष्ट्राच्या गावोगावी गेली आणि वेगवेगळ्या वयाच्या, जातींच्या, शिक्षणाच्या बायका-पुरुषांचे बोलणे ध्वनिमुद्रित करून त्यांनी ते सर्वांना खुले केले. 'काय करून राहिला बे' यातले 'करून राहणे', किंवा वऱ्हाडात 'डोळा'चा 'डोया' आणि 'जवळ'चे 'जवय' होणे, हे आता थट्टेचे विषय उरलेले नाहीत. कोणत्या तालुक्यात, कोणाच्या तोंडी, किती प्रमाणात, असे त्यांचे मोजमाप करता येते. मध्य भारतातील मराठी-हिंदी संपर्काचा अभ्यास राजेश्वरी पंढरीपांडे यांनी २००३ च्या आपल्या ग्रंथात केला होता. त्याला ताज्या ध्वनिमुद्रणांचे पाठबळ मिळाले.

निहालीकडेही संस्था परतली. आशा मुंडले यांचा निहाली शब्दसंग्रह १९९६ मध्ये एका अमेरिकी नियतकालिकात आला होता. डेक्कन कॉलेजचे के. एस. नागराज यांनी आधी कोरकूचे व्याकरण लिहिले आणि २०१४ मध्ये म्हैसूरच्या भारतीय भाषा संस्थानाकडून निहालीचे व्याकरण, गोष्टी आणि शब्दसंग्रह प्रसिद्ध केला. विभागाचे शैलेंद्र मोहन यांनी निहालांच्या गोष्टी, गाणी आणि रोजचे बोलणे ध्वनिमुद्रित करून ते तेव्हा लंडनहून चालणाऱ्या संकटग्रस्त भाषांच्या संग्रहात ठेवले. लायडनच्या अभ्यासिकेत कागदावर मांडलेल्या प्रश्नाला आता बोलणाऱ्यांच्या आवाजाचा पुरावा जोडला गेला आहे. सिद्धान्त मोठा असो वा छोटा, तो शेवटी जामोदच्या वस्तीतल्या म्हातारीच्या वाक्याला उतरला पाहिजे, ही या विभागाची शिस्त आहे, आणि देशात ती इतकी दीर्घकाळ पाळणाऱ्या संस्था फार नाहीत.

निहाली बोलणारे आज दोन-अडीच हजारांच्या आसपास आहेत. दहा हजारांहून कमी भाषकांच्या भाषा जनगणनेच्या प्रसिद्ध तक्त्यांत स्वतंत्रपणे येत नाहीत, आणि महाराष्ट्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत 'निहाल' हे नाव कोरकूच्या पोटात येते. म्हणजे या भाषेची मोजदाद करायची तर ती अभ्यासकांनीच करायची आहे. विदर्भातील महाविद्यालयांनी मराठी, संस्कृत आणि इंग्रजी विभागांतून दरवर्षी एक तरी विद्यार्थी भाषाविज्ञानाकडे पाठवावा. येरवडा नागपूरहून एका रात्रीच्या प्रवासावर आहे. जळगाव-जामोद त्याहून बरेच जवळ.